काळी यादी आणि दुसरी बाजू

(गणेशोत्सवातील व्याख्यानमालेत दिलेल्या भाषणाचा मजकूर)





मंडळाने यंदा बोलायला सांगितले तेव्हा आम्ही आधी नाहीच म्हणालो. या व्यासपीठावर आजवर संगीतावर, संतवाङ्मयावर, ग्वाल्हेरच्या इतिहासावर विद्वान मंडळी बोलून गेली. आम्ही पडलो डिप्लोमावाले, राज्य शासनाच्या बांधकामावरचे उपयंत्री. वीस-बावीस वर्षे सिमेंट, सळई, मोजमाप आणि फाईल एवढेच पाहिले. पण सचिव काका म्हणाले, "जे पाहिले तेच सांगा." म्हणून आज टेंडर आणि काळी यादी हा रुक्ष विषय घेऊन उभे आहोत. या सभागृहात ठेकेदारी करणारी, सरकारी खात्यांना माल पुरवणारी घरे आहेत आणि आमच्यासारखी कचेरीत बसणारीही आहेत. विषय दोघांच्याही घरचा आहे.

कालच आपण सर्वांनी स्यमंतक मण्याची कथा ऐकली. चतुर्थीचा चंद्र पाहिला की खोटा आळ येतो, म्हणून ही कथा ऐकायची असे आपली आजी सांगे. सत्राजिताचा मणी गळ्यात घालून त्याचा भाऊ प्रसेन शिकारीला गेला आणि परत आला नाही. श्रीकृष्णाने तो मणी एकदा मागितला होता, एवढ्यावरून द्वारकेत कुजबुज सुरू झाली. त्याला कोणी विचारले नाही, पुरावा पाहिला नाही. शेवटी साक्षात श्रीकृष्णाला माग काढत रानात जावे लागले. प्रसेनाला सिंहाने मारले, सिंहाला जांबवंताने, हे त्याने दाखवले, मणी आणला आणि भर सभेत सत्राजिताच्या हाती दिला.

देव होता म्हणून निभावले. साध्या माणसावर आळ आला आणि तो सरकारी कागदावर शिक्क्यानिशी आला, तर काय होते हे आम्ही जवळून पाहिले आहे.

आधी काळी यादी म्हणजे काय ते सांगतो. ठेकेदाराने काम बिघडवले तर खात्याच्या हातात बरीच हत्यारे असतात. दंड लावता येतो, अनामत रक्कम जप्त करता येते, ठेका रद्द करून उरलेले काम त्याच्या खर्चाने दुसऱ्याकडून करून घेता येते. ही सगळी शिक्षा त्या एका कामापुरती. काळी यादी वेगळी. तीत पुढच्या सगळ्या कामांची दारे बंद होतात. शिवाय ती एका खात्यात राहत नाही. बहुतेक टेंडरच्या कागदांत एक शपथपत्र असते: आम्हाला कोणत्याही शासकीय संस्थेने काळ्या यादीत टाकलेले नाही. एका खात्याने नाव टाकले की हे शपथपत्र देता येत नाही, आणि दिले तर खोटे ठरते. म्हणजे आदेश निघतो एका कचेरीतून आणि कुलूप लागते दहा कचेऱ्यांना. बँकेचा मॅनेजर ओव्हरड्राफ्टला कां-कूं करू लागतो, उधारीवर सळई देणारा व्यापारी रोख मागतो. न्यायालयांनी या शिक्षेला नागरी मृत्यूसारखी म्हटले आहे. शब्द मोठा वाटतो, पण ज्याचे घर टेंडरवर चालते त्याला विचारा.

आता आमचीच एक गोष्ट. नावे, गाव, खाते काही सांगत नाही, पण घडले ते तसेच सांगतो.

काही वर्षांपूर्वी एका खेड्यातल्या शाळेच्या दोन खोल्या आणि कंपाउंड वॉल असे काम आमच्याकडे होते. ठेकेदार लहान. बाप गवंडी, मुलाने दोन मिक्सर मशीन घेऊन लायसन्स काढलेले. मुदत सहा महिन्यांची. चार महिने झाले तरी जोत्याच्या वर काम गेले नाही. वरून आढावा बैठकीत आम्हाला बोल बसत होते. आम्ही तीन पत्रे दिली, मग नोटीस काढली: सात दिवसांत खुलासा करा, अन्यथा ठेका रद्द का करू नये. त्याचे उत्तर नवव्या दिवशी आले, हाताने लिहिलेले. आवक नोंदवहीत ते चढले, पण फाईलला लागले नाही. दहाव्या दिवशी आम्ही टिपणी लिहिली: ठेकेदाराकडून उत्तर अप्राप्त, कारवाई प्रस्तावित. आदेश तयार झाला. ठेका रद्द, सुरक्षा ठेव जप्त. आणि खाली एक ओळ अशी की ठेकेदाराचे नाव तीन वर्षांसाठी काळ्या यादीत टाकण्यात येत आहे.

ती ओळ नोटिशीत नव्हती आणि टिपणीतही नव्हती. बाबूने जुन्या आदेशाचा मसुदा समोर ठेवून नवा टाईप केला, त्यात ती आली. आम्ही वाचली आणि सही केली. साहेबांनीही वाचली आणि सही केली. तीन वर्षेच का, एक का नाही, पाच का नाहीत, हा प्रश्न एकालाही पडला नाही.

आठ दिवसांनी तो कचेरीत आला. आरडाओरडा केला नाही. हिंदीत एवढेच म्हणाला, त्याचा अर्थ असा की, साहेब, ठेका काढाल हे तुम्ही कळवले होते, यादीत घालणार हे एकदा तरी सांगायचे होते. मग त्याने उत्तराची स्थळप्रत पुढे केली. त्यात लिहिले होते की जागेवरचे अतिक्रमण हटायला सत्तर दिवस लागले आणि तोवर त्याला खोदाईच करता आली नाही. खरे होते. साईटच्या नोंदवहीत जागा ताब्यात दिल्याची तारीख होती आणि त्याखाली सही आमचीच होती.

आम्ही लगेच उठून साहेबांकडे गेलो असे सांगायला आवडले असते, पण तसे झाले नाही. तीन आठवडे गेले. सहकारी म्हणाले, लिहिलेत तर तुमच्यावरच येईल. तेही खरे होते. शेवटी लिहिले: उत्तर प्राप्त झाले होते, फाईलला लावायचे राहिले, जागा उशिरा दिली गेली, काळ्या यादीबाबत नोटीस दिलेली नाही. आम्हाला लेखी समज मिळाली. त्याचे नाव यादीतून निघायला अकरा महिने लागले. तेवढ्यात त्याची दोन टेंडरे त्या शपथपत्रावरून बाद झाली होती. एक मिक्सर विकला गेला होता, मिस्त्री लोक दिल्लीकडे निघून गेले होते. आज तो दुसऱ्याच्या हाताखाली पोटठेकेदार म्हणून काम करतो. बाड्यावर कधी भेटला तर नमस्कार करतो. आम्ही नमस्कार घेतो, पण नजर वर होत नाही.

एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली पाहिजे. तो अगदी निर्दोष नव्हता. जागा मिळाल्यावरही त्याने दिरंगाई केली होती. ठेका रद्द होणे कदाचित योग्यच होते. पण ठेका रद्द करणे वेगळे आणि तीन वर्षे पोट बांधणे वेगळे. दुसऱ्या शिक्षेचा विचार कोणी केलाच नाही, आमचा दोष तो.

त्यानंतर आम्ही या विषयावरचे कायद्याचे वाचन सुरू केले. वकील नाही, पण जे समजले ते सांगतो.

आपल्या देशात या बाबतीतला पायाचा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने 11 नोव्हेंबर 1974 रोजी दिला. एरुशियन इक्विपमेंट विरुद्ध पश्चिम बंगाल राज्य असे ते प्रकरण. सरकारने अमुक माणसाशीच करार करावा असा हक्क कोणालाच नाही, हे न्यायालयाने मान्य केले. पण सरकार हे खाजगी दुकानदार नव्हे. त्याने व्यवहार सर्वांशी समान न्यायाने केला पाहिजे. काळ्या यादीने माणसाच्या नावाला बट्टा लागतो आणि सरकारशी कायदेशीर व्यवहार करण्याची संधी जाते, म्हणून यादीत टाकण्याआधी त्याला आपली बाजू मांडू दिली पाहिजे, असे न्यायालयाने सांगितले.

पुढे 1978 मध्ये केरळच्या जोसेफ विलंगंडन यांचे प्रकरण आले. आमच्या गोष्टीची ती जणू आधीची आवृत्ती. एर्नाकुलमच्या कार्यकारी अभियंत्याची नोटीस त्या एका ठेक्याबद्दल होती, आणि शिक्षा मात्र पुढच्या सगळ्या कामांची झाली. न्यायालयाने ती टिकू दिली नाही. नंतर बिहारच्या रघुनाथ ठाकूर प्रकरणात आणखी एक गोष्ट स्पष्ट झाली. नियमात नोटिशीची तरतूद लिहिलेली नसली तरी नोटीस द्यावीच लागते, कारण दुसरी बाजू ऐकणे हे नियमाच्याही आधीचे तत्त्व आहे.

2014 मध्ये दिल्लीच्या गोरखा सिक्युरिटी प्रकरणात न्यायालयाने नोटीस कशी असावी हे सांगितले. दोन गोष्टी हव्यात. तुमच्यावर आरोप काय आहे, हे पहिले. कोणती कारवाई योजली आहे, हे दुसरे. काळी यादी योजली असेल तर नोटिशीत तसे लिहिलेले हवे, किंवा ती वाचताच तसे कळले पाहिजे. कारण ठेका जाणार एवढेच कळले तर माणूस म्हणेल, जाऊ दे, दुसरे काम घेऊ. पुढची सगळी कामे जाणार हे कळले तर तो वकील करील, कागद जमवील, शिक्षा कमी करा म्हणेल. शिक्षा ठाऊक नसेल तर बचाव कशाचा करायचा?

आता आपल्या ग्वाल्हेरचा संबंध असलेले प्रकरण. भारतीय अन्न महामंडळाच्या भोपाळ कार्यालयाने चौकीदार भरतीची परीक्षा घेण्याचे काम यू. एम. सी. टेक्नॉलॉजीज या कंपनीला दिले होते. 1 एप्रिल 2018 रोजी परीक्षा झाली. पोलिसांच्या विशेष पथकाने ग्वाल्हेरमध्ये 50 जणांना पकडले. त्यांच्याजवळ हाताने लिहिलेले कागद सापडले, ते सकृद्दर्शनी प्रश्नपत्रिकेचे वाटत होते. आरोप हलका नव्हता. गरीब घरची मुले महिनोन्महिने अभ्यास करतात आणि पेपर फुटतो, याचा संताप आपण सगळ्यांनी अनुभवला आहे. महामंडळाने नोटीस दिली आणि जानेवारी 2019 मध्ये ठेका रद्द करून कंपनीला पाच वर्षे टेंडरबंदी केली. उच्च न्यायालयाने कंपनीची याचिका फेटाळली. पण 16 नोव्हेंबर 2020 रोजी सर्वोच्च न्यायालयाने काळ्या यादीपुरता तो आदेश रद्द केला. कारण तेच, नोटिशीत काळ्या यादीचा उल्लेख नव्हता.

हे ऐकून काहींना राग येईल. पेपर फुटल्याचा आरोप आणि सुटका एका वाक्यावरून? आमच्या कचेरीतही हीच चर्चा झाली. पण शांतपणे पाहिले तर कंपनी निर्दोष आहे असे न्यायालयाने म्हटलेच नाही. चूक नोटीस लिहिणाऱ्याची होती. एक वाक्य जास्त लिहिले असते, उत्तर घेऊन कारणे दिली असती, तर तो मुद्दा उरलाच नसता. म्हणजे नीट पद्धत ही केवळ ठेकेदाराची ढाल नाही. खात्याची कारवाईसुद्धा तिच्याच आधाराने टिकते. घाईने लिहिलेला आदेश निर्दोषाला मारतो आणि दोषीला सोडवतो.

शिक्षा किती, हाही प्रश्न आहे. 2013 मध्ये कुलजा इंडस्ट्रीज प्रकरणात बी. एस. एन. एल. ने कंपनीला कायमचे बाद केले होते. आरोप जादा पैसे उचलल्याचा, गंभीर. तरी न्यायालय म्हणाले की कायमची बंदी नको, दोषाच्या मानाने मुदत ठरवा. उत्तर प्रदेशात वेटइंडिया फार्मास्युटिकल्स या जनावरांची औषधे बनवणाऱ्या कंपनीला 2009 मध्ये मुदत न लिहिताच यादीत टाकले होते. तो आदेश रद्द झाला 2020 मध्ये. अकरा वर्षे! आणि 2024 मध्ये कोलकाता महापालिकेच्या जाहिरात फलकांच्या प्रकरणात न्यायालयाने सांगितले की पैशांचा किंवा कराराच्या अर्थाचा प्रामाणिक वाद असेल, तर त्यासाठी काळी यादी हे हत्यार उपसू नये. असे वाद सोडवायला दुसरे मार्ग आहेत.

याची दुसरी बाजूही ऐकली पाहिजे, नाहीतर आजच्या भाषणाचे नावच खोटे ठरेल. 2017 मध्ये भुवनेश्वरला बांधकाम चालू असलेल्या उड्डाणपुलाचा स्लॅब कोसळला. एक माणूस गेला, बरेच जखमी झाले. ओडिशा सरकारने नोटीस देऊन, उत्तर घेऊन ठेकेदार कंपनीला यादीत टाकले. उच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला, पण 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कारवाई योग्य ठरवली. फक्त कायमची बंदी होती ती पाच वर्षांवर आणली. आम्हाला हा निकाल फार पटतो. पुलाखालून आपलीच मुले शाळेत जातात. ज्याच्या हातून असा पूल होतो त्याला पुढचा पूल देणे हा जनतेवर अन्याय आहे. काळी यादी हवीच. मात्र ती पाहून, ऐकून, मोजून लावलेली हवी.

केंद्र सरकारच्या 2017 च्या सामान्य वित्तीय नियमांत नियम 151 आहे. लाचलुचपतीसारख्या गुन्ह्यात दोषी ठरलेल्याला जास्तीत जास्त तीन वर्षे आणि सचोटीची संहिता मोडणाऱ्याला जास्तीत जास्त दोन वर्षे बंदी घालता येते. बाजू मांडायची वाजवी संधी दिल्याशिवाय कोणालाही बंदी घालू नये, असे त्यात स्वच्छ लिहिले आहे. राज्यांचे, महामंडळांचे नियम आपापले असतात. पण ऐकून घेण्याचे तत्त्व सर्वांना एकच.

आमच्या टेबलावर काचेखाली आम्ही एक चिठ्ठी ठेवली आहे. कोणाविरुद्ध प्रस्ताव लिहिण्याआधी ती वाचतो. नोटिशीत आरोप तारखेनिशी लिहिला का? योजलेली शिक्षा त्याच नोटिशीत सांगितली का? आवक नोंदवही स्वतः उघडून त्याचे उत्तर पाहिले का? आपल्या खात्याची चूक किती, हे टिपणीत आले का? आणि जितकी मुदत लिहितो आहोत, तितकीच का, याचे कारण दोन ओळींत सांगता येते का? यातल्या एकाचेही उत्तर नाही आले तर फाईल पुढे सरकत नाही. यासाठी लागतो अर्धा तास. त्या अर्ध्या तासाने एखाद्याची तीन वर्षे वाचतात.

ठेकेदारी करणाऱ्या आपल्या मंडळींना दोन शब्द. नोटीस आली की ती दुकानाच्या गल्ल्यात टाकू नका. मुदतीत उत्तर द्या, मुदत अपुरी असेल तर मुदतीतच वाढ मागा. उत्तर समक्ष देऊन पोच घ्या. जागा कधी मिळाली, नकाशा कधी बदलला, बिल कधी अडकले, हे त्या त्या दिवशी पत्राने कळवत चला. तोंडी बोललेले फाईलला लागत नाही. आणि अन्याय झालाच तर आधी वरिष्ठांकडे निवेदन, मग आपल्याच शहरात उच्च न्यायालयाचे खंडपीठ आहे. दार ठोठवायला उशीर करू नका.

शेवटी पुन्हा स्यमंतकाकडे येतो. त्या कथेत आम्हाला सर्वांत महत्त्वाची वाटते ती शेवटची गोष्ट. आळ चारचौघांत आला होता, म्हणून तो भर सभेत धुतला गेला आणि सत्राजिताने आपली चूक कबूल केली. आमच्याकडे नाव यादीत चढते तेव्हा दहा कचेऱ्यांना प्रती जातात, संकेतस्थळावर झळकते. नाव उतरते तेव्हा मात्र एक कागद त्या ठेकेदाराला मिळतो, बस्स. आमच्या त्या प्रकरणात जिथे जिथे पहिली प्रत गेली होती तिथे तिथे दुसरी जावी असे आम्हाला सुचलेच नव्हते. सुचले तेव्हा उशीर झाला होता, तरी पाठवली. आता कोणाचे नाव निघाले की तीच प्रतींची यादी पुढे ठेवून पत्रे काढतो. खात्याचा तसा नियम नाही, पण आड येणाराही नाही.

ही सवय कचेरीबाहेरही चालते. मंडप डेकोरेशनवाला उशिरा आला, केटररच्या भाजीत मीठ जास्त पडले, आपण बैठकीत लगेच म्हणतो, याला पुढच्या वर्षी नको. म्हणण्याआधी एकदा त्याला बोलावून विचारावे, एवढीच विनंती. विद्येच्या दैवताचे कान मोठे आहेत, ते काही उगाच नाहीत.